म्हाताऱ्याची चाल

बाबा, परवा सासूबाई कुणाचाही हात न धरता अंगणातल्या नळापर्यंत चालत गेल्या, आणि तेव्हापासून मी मनातल्या मनात तुमच्याशी भांडते आहे. मनातल्या भांडणात तुम्हीच जिंकता. काहीतरी गोड बोलून वेळ मारून नेता, आयुष्यभर नेलीत तशी. म्हणून आज लिहायला बसले. कागदावर तरी तुम्हाला मला मधेच तोडता येणार नाही.

सासूबाईंचं वर्षभरापासून सुरू होतं. पाय उचलले जात नव्हते, घासत पुढे जायचे. उंबरठ्याशी आल्या की थबकायच्या, जमिनीने तळवे धरून ठेवल्यासारख्या. धान रोवण्याच्या दिवसांत बांधीतल्या चिखलातून बाया चालतात, तशा त्या कोरड्या फरशीवर चालायच्या. मग मोरीपर्यंत पोचायच्या आधीच लुगडं भिजायला लागलं. मग भाजीत मीठ घातलं की नाही ते आठवेना. घरात सगळे म्हणाले, वय झालं. माझा नवराही तेच म्हणाला. मला मात्र ते पटेना, कारण ती चाल मला पाठ होती. मी हट्टाने त्यांना नागपूरला नेलं.

तिथल्या डॉक्टरीणबाईंनी डोक्याचा फोटो पडद्यावर लावून मला समजावलं. मेंदूच्या आत पोकळ्या असतात आणि त्यांत पाणी असतं, तुमच्या-माझ्या सगळ्यांच्याच. ते रोज तयार होतं, रोज मुरतं. सासूबाईंचं मुरणं बिघडलं होतं, पोकळ्या फुगल्या होत्या. गंमत अशी की पाण्याचा दाब मोजला तर तो बहुतेक वेळा नेहमीइतकाच निघतो, त्यामुळे हा आजार लपून राहतो. चालणं, लघवी आणि विसरणं, तिन्ही एकत्र बिघडली की शंका घ्यायची असते, आणि घरोघरी लोक तिन्हींना म्हातारपण म्हणून सोडून देतात. त्या म्हणाल्या, आधी यांना चालवून पाहू, मग पाठीच्या कण्यातून सुईने थोडं पाणी काढू आणि पुन्हा चालवू. चाल सुधारली, तर ऑपरेशनचा उपयोग होण्याची आशा चांगली. डोक्यातून पोटापर्यंत कातडीखालून एक बारीक नळी घालायची, जास्तीचं पाणी पोटात उतरून जिरतं. सगळ्यांना गुण येतो असं नाही, धोकेही आहेत, पण उशीर केला तर हाती फारसं लागत नाही. मी नुसती मान हलवत होते. पाठीतून पाणी काढणं माझ्यासाठी नवं नव्हतं. तुमचंही काढलं होतं.

पाणी काढल्यावर त्यांना काही वेळ निजवून ठेवलं. मग उठवलं आणि त्या चालल्या. पाऊल उचललं, टाकलं, वळताना भिंत धरली नाही. मला आनंद झाला, खोटं कशाला सांगू. पण त्याच्या मागोमाग फोनवरचा तुमचा आवाज कानात आला. मी तेव्हा पुण्याला नोकरीत होते. आई आधीच गेलेली, म्हणून तुमच्या नाटक मंडळातले पेटीवाले काका तुम्हाला नागपूरला घेऊन गेले होते, आणि परत आल्यावर तुम्ही म्हणालात, ‘काही फरक नाई पडला वं बाई. डॉक्टर म्हणे, आता असंच चालाचं.’ मी त्या महिन्यात नोकरी सोडून गावी आले. ठरत आलेलं लग्न लांबणीवर टाकलं. उपाय आहे का, हे दुसऱ्या कुणाला विचारलंच नाही, कारण तुम्ही विचारून आला होता ना.

तुम्हाला गावात धान पिकवणारा म्हणून कोण ओळखायचं? ओळख होती नाटकातली. दिवाळी झाली, धान घरात आलं की आपल्या झाडीपट्टीत गावोगाव मंडप पडायचे, आणि एकेकाळी तुमच्याशिवाय मंडळाचं पान हलत नव्हतं. मग तरुण पोरं आली, तुम्हाला पडदा ओढायला ठेवलं. तेव्हाचं तुमचं घरातलं तोंड मला आठवतं, भाजी आवडली नाही तरी न बोलणाऱ्या माणसासारखं. आणि मग त्या दिवाळीला तुम्हाला नव्या नाटकातला म्हातारा मिळाला. मी सुट्टीला आले होते. सकाळी तुम्ही उंबरठ्याशी उभे होता, पाय निघत नव्हते. मी धावत येऊन धरलं, तर हसून म्हणालात, ‘काहून घाबरतेस? तालीम करून राहिलो.’ दुपारी शाळेच्या पटांगणात रंगीत तालीम झाली, अर्धं गाव पाहायला आलेलं. तुम्ही पडद्यातून आलात तसेच, घासत, थबकत. आधी सगळे गप्प राहिले, मग एक टाळी वाजली आणि मागोमाग पटांगणच वाजायला लागलं. घरी आल्यावर तुम्ही चारचारदा विचारत होता, ‘पयली टाळी कोनाची होती वं?’ मी म्हटलं, बायांच्या बाजूने आली, कोणाची कोण जाणे. दुसऱ्या दिवशी गाडीत बसताना मी बजावलं होतं की एकदा नागपूरला दाखवून या. तुम्ही शहाण्या पोरासारखे हो म्हणालात.

दवाखान्यातून परतताना मी वाट वाकडी करून सिहोऱ्याला पेटीवाल्या काकांकडे गेले. आता थकलेत, पेटी केव्हाच पोराने माळ्यावर टाकली. चहा झाल्यावर मी सरळ विचारलं की त्या दिवशी पाठीतलं पाणी काढल्यावर बाबा चालले होते का. त्यांनी हातातली बशी खाली ठेवली.

‘चालला ना वं,’ ते म्हणाले. ‘दवाखान्याचा जिना उतरला, कठडा नाई धरला. मले म्हणे, पेटीवाल्या, पाय कापसावानी झाले. डॉक्टर म्हणे, ऑपरेशन करून टाका, तुमी चालान.’

मी विचारलं, मग केलं का नाही. काका म्हणाले, दुसऱ्या दिवशी तालमीत तुम्ही सरळ चालत आलात. पोरं म्हणाली, म्हातारा जवान झाला. कुणी हसलं नाही, टाळी तर लांबच. दोन-चार दिवसांत पाय पुन्हा जड झाले आणि तुम्ही खूश होता. काकांनी ऑपरेशनचा विषय काढला, तर तुम्ही काय म्हणालात ते त्यांनी मला तुमच्याच आवाजात करून दाखवलं: ‘सरळ चालनाऱ्या म्हाताऱ्याले कोन पायते गा?’

आणि काकांनी तोंड उघडू नये म्हणून तुम्ही त्यांना शपथ घातलीत. माझी.

बाबा, ऑपरेशनची भीती वाटली म्हणाला असता, तर मी समजून घेतलं असतं. डोक्याला भोक पाडणार म्हटल्यावर कुणाला वाटत नाही? पण तुम्ही घाबरला नव्हता. तुम्ही निवड केलीत. तुमच्या म्हाताऱ्याला एक हंगाम टाळ्या मिळाल्या. पुढच्या दिवाळीला तुम्हाला संवाद आठवेनात, मंडळाने दुसरा म्हातारा आणला, आणि घरी मी तुमची ओली धोतरं धूत होते. तुम्ही मला आईच्या नावाने हाक मारायचा आणि मी ओ द्यायची. चिडले की रात्री स्वतःलाच समजावायची, बिचाऱ्यांच्या हातात काय आहे. तुमच्याच तर हातात होतं सगळं. गावभर नाटक करणाऱ्याने एक घर तरी सोडायचं. चाल म्हणजे चालणं, चाल म्हणजे पेटीवरची धून आणि चाल म्हणजे डाव. तुम्ही माझ्याशी यातली नेमकी तिसरी खेळलात, आणि मी तिला सेवा समजून वर्षं घातली.

सासूबाईंचं ऑपरेशन झालं. विसरणं अजून आहे, मीठ दोनदा पडतं, पण लुगडं कोरडं असतं आणि पाऊल उचलतं. काल मला म्हणाल्या, ‘तुले कसं समजलं वं, मले का झालं थे?’ मी म्हटलं, आमच्या बाबांना होतं. पुढचं नाही सांगितलं. काकांवर राग धरावासा वाटतो, पण तोही टिकत नाही. तुमच्यावरचा टिकतो. तुम्ही गेलात तेव्हा मी रडले होते, ते रडणं परत मागावंसं वाटतं.

हे पाठवायचं कुठे? लिहून झालं की फाडीन. पण एक गोष्ट लिहिल्याशिवाय फाडता येणार नाही. तुम्ही जिच्यासाठी ऑपरेशन टाळलंत, ती टाळी. त्या दुपारी पटांगणात सगळे तुम्हाला नट म्हणून पाहत होते. ते नाटक नाही, हे फक्त मला ठाऊक होतं, सकाळी उंबरठ्याशी तुम्हाला मीच धरलं होतं. तरी तुम्ही पडद्यातून आलात आणि मला राहवलं नाही, इतकं सुंदर चालत होता तुम्ही.

पहिली टाळी माझी होती, बाबा.