हार घातलेला फोटो

१४ फेब्रु. ८६, अंबरनाथ
कारखान्यातून हाफ डे टाकून शूटिंगला. काम म्हणजे माझा फोटो, नायकाच्या स्वर्गवासी वडिलांचा. चंदनाचा हार घालून भिंतीवर टांगला. मी त्याच्याखाली उभा राहून चहा प्यालो. घरी येऊन बायकोला आणि आईला सांगितलं. शोभा हसली, आई नाही. म्हणाली, "आपण बुद्धाचे, शकुन-अपशकुन मानत नाही. पण पोटच्या पोराच्या फोटोला हार, डोळ्यांना कोण समजावणार?"

२ मार्च ८६
काल तो भाग टीव्हीवर झाला. आज सकाळी सोनिवलीहून मामा, मागे सात-आठ माणसं. बायका दारातच रडायला लागल्या. दार मीच उघडलं. मामा बघतच राहिला. "तू जिता हाय?" मग एक शिवी. गावात एकच टीव्ही. मामा उशिरा पोचला, त्याला फक्त फोटो आणि हार दिसला. मागून टेम्पो भरून येत होता, तो थांबवायला माणूस धाडला. शोभाने दोनदा पोहे केले. जाताना मामाने पाठीवरून हात फिरवला आणि मलाच रडू आलं. आपण गेलो तर कोण कोण येईल हे जिवंतपणी कळलं. नशीब लागतं.
आई नंतर म्हणाली, "एकदा तरी टीव्हीवर जिवंत राहा. चार वाक्यं बोल. मला ऐकायचंय."

२० नोव्हें. ८८
यंदाची कामं: इन्स्पेक्टर, कंपाउंडर, जज्ज, वकील, प्रेत (दोनदा). वकिलाचा कोट उल्हासनगरला लछूभाई टेलरकडे शिवला. माप घेताना म्हणतो, "साईं, इस बार भी मरना है क्या?" म्हटलं, नाही, दोन वाक्यं आहेत. कोट मस्त बसला. वाक्यं नंतर कापली. आईने विचारलं नाही, मी सांगितलं नाही.
तरी तक्रार नाही. फिटर माणूस जज्ज होतो आणि सगळं कोर्ट उठून उभं राहतं. आणखी काय पाहिजे? वाक्यं राहिली असती तर...

९ जाने. ९१
कारखान्यात फ्रेंच मशीन आलं तेव्हा साहेबांनी मला संध्याकाळच्या फ्रेंचच्या क्लासला घातलं होतं. सगळे चिडवायचे. आज ती विद्या कामाला आली. बारवीकडच्या एका पाड्यावर पिक्चरचं फ्रेंच युनिट आलंय, त्यांना फ्रेंच बोलणारा मास्तर हवा होता. चार मिनिटं सलग बोललो. शेवटपर्यंत जिवंत. पाड्यावरच्या म्हातारीने विचारलं, "मास्तर, कोन्च्या मुलखातलं?" अंबरनाथ म्हटलं तर विश्वास बसेना. साहेबांचे उपकार. उद्या सांगायला हवं.

३ मे ९२
त्या फ्रेंच पिक्चरची कॅसेट आली. व्हीसीआर भाड्याने आणला. आईचा मोतीबिंदू पिकलाय, टीव्हीला नाक लावून बसली.
"काय बोलतोस?"
"पाहुण्यांना सांगतोय, पाणी प्या, वाट लांबची आहे."
"मग मराठीत सांगायला काय झालं होतं?"
तीनदा लावायला लावलं. तिसऱ्यांदा डोळे मिटून ऐकलं. म्हणाली, आवाज बापाचा घेतलास. मी मोरीत जाऊन तोंड धुऊन आलो.

१६ ऑग. ९७
मराठी मालिका. आजोबांचं काम, प्रत्येक भागात. बोलणं इतकं की पाठ करता करता जीव जातो. आईला ऑपरेशननंतर छान दिसतं. शेजारणींना गोळा करून बसते. माझं वाक्य आलं की सगळ्यांना गप्प करते. एवढ्या वर्षांनी का होईना, तिला मराठीत ऐकता आलं. रोज निघताना मात्र बजावते, "ह्या वेळी मरू नकोस."

४ डिसें. ९७
मालिका संपत आली. आज लेखकाला विचारलंच. "काका, शेवट अजून ठरला नाही." दुपारी सेटवरच्या माणसाने मला भिंतीपाशी उभं केलं. सरळ बघा, थोडं हसा. फोटो काढला. कशाला रे? "असू दे काका, लागला तर."
संध्याकाळी आई जेवायला थांबली होती. "आज काय काम केलंस?" खोटं बोलवेना. म्हटलं, फोटो काढला.
तिचा घास हातातच राहिला. मग जेवली. हात धुऊन म्हणाली, "उद्या मला ने तिकडे. त्या लेखकाशी बोलायचंय."
समजावून पाहिलं. ऐकत नाही. शोभाने तिची बुद्धवंदनेची पांढरी साडी इस्त्रीला काढली आहे.