कार्डावरचं पयलं नाव

धोंडीभाऊ,

दिवाळीत तुले रागानं बोलली, "माह्या वाटचा तांदूळ खाऊन राह्यला का?" तो शब्द आदी परत घेते.

लग्नाले अकरा वर्सं झाली. इथं भीमपुरात कितीदा दरखास्त देल्ली, पण पैनगंगेपल्याड तुह्या रेशनकार्डावरचं माहं नाव कटल्याबिगर इकडं चढत नव्हतं. दरसाल तू म्हणे, "रेशन हापिसातला बाबू सुट्टीवर होता." मागच्या महिन्यात तू नाव कमी केल्याचा दाखला आणून देल्ला अन् चहाबी न पिता, डोळे पुसत गेला. तवा मले समजलं. बाबू कुठंच गेला नव्हता. तुह्याच्यानं बहिणीचं नाव कटत नव्हतं.

आता आईक. काल नवं कार्ड भेटलं! दुकानात अंगठा लावला तं मशीननं पयल्याच बारीले घेतला. तांदूळ बारीक, पांढराफेक. भात शिजला तं पोरी गंजाभवती नाचल्या.

अन् खरी गंमत पुढंच हाय. तुह्या कार्डावर मी सगळ्यात खाली होती, वयनीच्याबी खाली. इथं घरातल्या मोठ्या बाईलेच कुटुंबप्रमुख लिवलं हाय. माहं नाव सगळ्यात वर, ह्यांचं त्याच्याखाली! हे चष्मा पुसूपुसू वाचून राह्यले.

हे पत्र टाकत नाई. उद्या मीच येते, त्याच तांदळाची पिशवी घेऊन. भात तुह्या चुलीवर शिजवीन. कुटुंबप्रमुखाचा हुकूम हाय, ह्या बारीले न जेवता पळायचं नाई.

तुह्या कार्डावरून कटलेली,
तुहीच बयना