एवढं एक भांडं होऊ द्या

माय, आज तुझ्याशी भांडायचं म्हणून बसले आहे. तू जाऊन चौदा वर्षं झाली, त्यामुळे मधे बोलणार नाहीस ही एक सोय. सकाळी धुळ्याहून विहीणबाईंचा फोन आला. तुझ्या नातीची सासू व्हायची आहे ती, बाई वाईट नाही, उलट फार गोड. म्हणाल्या, "ताई, हळदीला तुमच्याच हातचं स्लश हवं बरं का, दोनशे माणसं धरा." मी संध्याकाळपर्यंत सांगते म्हटलं. माझे हे शेजारीच पेपर वाचत बसले होते. वर न बघता म्हणाले, "हो म्हणून टाक ना, त्यात काय विचार करायचा?" त्यात काय विचार करायचा! एकुलती एक पोर, तिच्या अंगाला हळद लागताना मी कुठे असणार? मिक्सरपाशी. तेव्हापासून फोन पालथा घालून बसले आहे आणि तू डोक्यातून जात नाहीस.

स्लश म्हणजे काय ते तुला कसं सांगू? शिंदखेड्याच्या बाजारात तू मला बर्फाचा गोळा घेऊन द्यायचीस ना, लाल पाण्याचा? तसंच काहीतरी, पण ग्लासात, चमच्याने खायचं, आणि त्यात दारू. तोंडावर पदर घेऊ नकोस, पुढचं ऐक. कोरा चहा करून गार करायचा, त्यात साखरेचा पाक, लिंबू, संत्र्याचा रस आणि व्होडका. आईस्क्रीमच्या मोठ्या डब्यांत भरून डीप फ्रीजमध्ये ठेवायचं आणि दर दोन तासांनी काट्याने खरवडायचं. दारू आपल्या फ्रीजमध्ये गोठत नाही, माय, म्हणून सगळी करामत मापात असते. कमी पडली तर दगड होतो, जास्त झाली तर नुसतं सरबत राहतं. मी एक थेंब पीत नाही, जिभेच्या टोकावर चव बघते तेवढीच. आठ वर्षांपूर्वी ह्यांच्या दुकानातले दोस्त गच्चीवर बसले होते, जळगावचा मे महिना, नुसती भट्टी. मी मोबाइलवर बघून गंमत म्हणून केलं. "वहिनी, काय हात आहे तुमचा!" झालं, चढले हरभऱ्याच्या झाडावर. तेव्हापासून कुणाचा वाढदिवस असो, कुणाची नवी गाडी असो, कुणाच्या केळीला भाव मिळालेला असो, डबे माझ्या फ्रीजमध्ये. आमच्या फ्रीजमध्ये भाजीला जागा नाही.

आणि तू मला बजावलं होतंस. मी दहा-अकरा वर्षांची असेन. अक्षय्य तृतीयेचा, आपल्या आखाजीचा दिवस, तू अंगणात चुलीवर पालथं खापर ठेवून मांडे करते आहेस. पुरण भरलेला गोळा दोन्ही हातांवर फिरतो आहे, मनगटावरून कोपरापर्यंत पसरत जातो आहे, पलीकडचं दिसावं इतका पातळ, आणि मग एका झटक्यात खापरावर. मी गुपचूप एक गोळा उचलून तशीच हातावर घेते. पुरण सांडलं, कणीक लोंबली, पण थोडा पसरला होता, देवाशप्पथ पसरला होता. तू फाडकन माझ्या हातावर मारलंस. "एक डाव 'येस' म्हनं का, बठ्ठा गाव तुले चुल्हाजोडे बसाडी," म्हणालीस. एकदा येतं म्हटलंस की सगळा गाव तुला चुलीपाशी बसवेल. "माले येत नही, आसं म्हनाले शिक." मी रडत आबांकडे गेले. आबा म्हणाले, तिच्या हाताला चटका बसला असेल, म्हणून चिडली. तुझ्या कोपराखाली खापराच्या काठाचे काळे डाग होते, एकावर एक. शिंदखेडा तालुक्यात आपल्या भाऊबंदांत ज्याच्याकडे लग्न त्याची बैलगाडी, मग जीप, तुला न्यायला यायची. एवढ्या लग्नांना गेलीस, पण नवरी कशी दिसत होती हे तुला कधी सांगता आलं नाही.

पण माझ्या लग्नात तरी! हेच माझं भांडण आहे, तीस वर्षांचं. जळगावचं वऱ्हाड, त्यांना पानात गरम मांडे पाहिजेत, आणि अंतरपाटामागे मी उभी. मंगलाष्टकं झाली, अक्षता पडल्या, वळून पाहते तर मामा आहेत, मावशी आहे, आबा डोळे पुसताहेत आणि तू नाहीस. तू मंडपामागच्या पत्र्याच्या शेडमध्ये. नंतर आलीस, माझा चेहरा दोन्ही हातांत धरलास, कणकेचा नि धुराचा वास. मी मान फिरवली. पुढे ह्यांना, सासूबाईंना, पोरीला, सगळ्यांना मी हेच सांगत आले की आमच्या मायला लेकीपेक्षा मांडे प्यारे होते.

माझ्या लग्नानंतर दोन महिन्यांनी अमळनेरला चुलतभावाचं लग्न होतं. तिथे तू खापरावर पहिला मांडा टाकलास, फाटला. दुसरा फाटला. तिसरा तर हातातच दोन तुकडे. बाया कुजबुजल्या, "गया बाईना हात." कुणीतरी तुला उठवून बाजूला बसवलं आणि पाणी दिलं. मला इतकी लाज वाटली, माय, की मी तुझ्याजवळ आलेच नाही. त्यानंतर तुला न्यायला जीप आली नाही. आणि पुढच्या आखाजीला मी माहेरी आले, तर तू दार लोटून घेतलंस, खापर मांडलंस आणि माझ्यापुरता एक मांडा केलास. एवढं मोठं ताट, त्याच्याही बाहेर त्याचा काठ. कुठे भोक नाही, चीर नाही. म्हणालीस, "कोनले सांगू नको." मी आमरसाबरोबर तो खाल्ला आणि तरीही काही समजले नाही. माझ्या डोक्यात उजेड पडला तो गेल्या महिन्यात, पोरीच्या साखरपुड्याच्या दिवशी, पहाटे डबे भरताना.

म्हटलं, आपणही तेच करू. मुद्दाम बिघडवू. पाच बाटल्यांच्या जागी नऊ ओतल्या, ओतताना आतून उकळ्या फुटत होत्या. गोठायचंच नाही, संध्याकाळी सगळे म्हणतील वहिनींचा हात गेला, आणि मी पैठणी नेसून खुशाल पोरीशेजारी बसेन. करायला गेले गणपती, झाला मारुती! लॉनवर दीडशे माणूस. मागच्या बाजूला पडदा लावून दारूचा काउंटर, त्यामागच्या खोलीत मी आणि माझे डबे, वडीलधाऱ्यांना सगळं माहीत पण कुणी बोलत नाही. पहिले ग्लास गेले आणि पाच मिनिटांत हे आत. "अगं, हे तर पाणी आहे! बर्फ घालून मिक्सरला फिरव, दोन मिनिटांचं काम." एका भांड्यात चार ग्लास, माय. तूच हिशेब कर. पैठणीवर ह्यांचा जुना शर्ट चढवला, बाह्या वर केल्या आणि लागले. नऊ बाटल्यांनी ते चांगलं कडक झालं होतं, त्यामुळे लोकांना इतकं आवडलं की ग्लास परत परत यायला लागले. "वहिनी, आज तर कमाल केली!" स्वतःच्या हाताने बाटल्या ओतल्या होत्या, बोलणार कुणाला?

मधे पोर आत आली. काय दिसत होती, तुझं नाक, तुझं कपाळ. दारात थांबली. "मम्मी, हे काय घातलंयस? पप्पांचा शर्ट?" मी म्हटलं, "आलेच." तिने मला वरून खालपर्यंत पाहिलं, कोपरापर्यंत चिकट हात, विस्कटलेला अंबाडा, आणि गेली. मग विहीणबाई आल्या. "ताई, चला, अंगठी घालायची वेळ झाली." मी म्हटलं, "एवढं एक भांडं होऊ द्या." त्या हसून गेल्या. मिक्सर बंद केला तेवढ्यात बाहेर माइकवर तो निवेदन करणारा म्हणाला, "मुलीची आई कुठे आहे? आईंना पुढे बोलवा." आणि मग माझ्या पोरीचा आवाज, माइक जवळ असल्यामुळे अगदी स्वच्छ: "राहू द्या, मम्मी कामात आहे." टाळ्या झाल्या. अंगठ्या झाल्या. मी भांड्यात बर्फ टाकला.

तिच्यावर रागावले नाही, माय. रागावणार कुठल्या तोंडाने? हे तुला आज सांगते, इतक्या वर्षांत कुणालाही सांगितलं नाही. माझ्या लग्नात अंतरपाट धरायच्या आधी मावशी माझ्या कानाशी वाकली होती. "तुन्ही मायले बलाऊ का?" शेडचं दार उघडं होतं, तू दिसत होतीस. काजळी लागलेलं लुगडं, कोपरापर्यंत कणीक, घामाने केस चिकटलेले. आणि पुढच्या रांगेत जळगावच्या बाया, सगळ्यांच्या अंगावर जरीच्या साड्या. मीच म्हटलं, "राहू दे, ती कामात शे."

मावशीने तुला हे सांगितलं का? की शेड एवढी जवळ होती की तूच ऐकलंस? तू मला कधी विचारलं नाहीस, बोलली नाहीस. दोन महिन्यांनी अमळनेरला तीन मांडे फाडलेस, एवढंच.

आता पाच वाजत आले. हे पत्र कुठे टाकणार, डब्यांच्या मापाच्या वहीत लिहिलंय, त्यातच राहील. हे दोनदा विचारून गेले, "केलास का फोन?" म्हटलं, करते. माय, मला 'नाही' म्हणता येतं. त्या दिवशीही केटरिंगच्या एखाद्या माणसाला मिक्सरपाशी उभं करून बाहेर जाता आलं असतं. दारही उघडं होतं. पण नाही म्हटलं, तर हळदीला छान साडी नेसून पुढे उभं राहावं लागेल, हात स्वच्छ, काम काही नाही. आणि तेव्हाही पोरीने मला हाक मारली नाही तर? मिक्सरपाशी असले म्हणजे ती मी कामात आहे म्हणून बोलावत नाही, अशी मला माझी समजूत घालता येते. म्हणून अजून फोन उचललेला नाही.