परिपत्रक क्रमांक तीन

१० जून १९९६, सोमवार. सकाळी सात.
ही वही फक्त माझ्यासाठी. पुढे या शाळेचा इतिहास लिहावा लागणार आहे आणि तो मीच लिहिणार आहे, तेव्हा तारखा हाताशी असलेल्या बऱ्या. आजपासून मी लासुर्णे फाट्यावरच्या आमच्या इंटरनॅशनल रेसिडेन्शियल स्कूलचा प्रभारी प्राचार्य, रेक्टर आणि मेस इन्चार्ज. पाचगणीच्या एका बोर्डिंगात सात वर्षं काढली आहेत. स्टोअरकीपर होतो, पण शाळा खरी स्टोअरमधूनच चालते. मुलं चाळीस, पहिली ते चौथी. अध्यक्ष गेणबा तात्यांनी स्पष्ट सांगितलं, ‘एक बी पोरगं माघारी गेलं न्हाय पायजे.’ मार्चपर्यंत चाळीसच्या चाळीस टिकली तर माझ्या नावापुढचा ‘प्रभारी’ काढणार. म्हणजे निघाल्यातच जमा.

११ जून.
इतिहास, प्रकरण पहिले: स्थापना. सुरुवातीलाच अडचण. ही इमारत मागच्या दिवाळीपर्यंत तात्यांची पोल्ट्री होती. दोनदा चुना मारला, फिनेल ओतलं, तरी वास हटत नाही. पंखा लावला की वरून पिसं पडतात. शी. दोन शेडना मी स्वित्झर्लंड आणि कॅनडा अशी नावं दिली आहेत. मुलं एकमेकांना सांगतात, ‘मी दुसऱ्या खुराड्यात हाय.’ वहीत लिहिलं: ‘पूर्वी या जागी एक कृषिपूरक प्रकल्प होता.’ तात्यांना विचारलं, इंटरनॅशनल नाव कसं सुचलं? म्हणाले, पुतण्या मस्कतला हाय. हेही इतिहासात घेता येणार नाही.

१३ जून. दुपार.
मेसचा शुभारंभ. मेनू माझा. सोमवार-गुरुवार व्हाइट सॉस, मंगळवार-शुक्रवार बॉइल्ड भाज्या, बाकी दिवशी सूप-टोस्ट. स्वयंपाकाला बनाबाई. लग्नांच्या पंगती केलेली बाई, हाताला मिठाचा अंदाज, डोक्याला कशाचाच नाही. व्हाइट सॉस ढवळता ढवळता म्हणाली, ‘सर, ही तर पोस्टर चिकटवायची खळ हाय.’ चाळीसपैकी तिघांनी खाल्लं. त्यातल्या एकाने परत दिलं, ताटातच. पाहवेना. सवय व्हायला आठ दिवस लागतील. मी स्वतः व्हाइट सॉस घेत नाही. निरीक्षकाने तटस्थ असावं.

२० जून.
आज जे पाहिलं त्याने जेवणावरची वासना उडाली. पावणेबाराला मोरगाव-इंदापूर एसटी फाट्यावर थांबली आणि कंडक्टर झुंबरने खिडकीतून सहा डबे खाली दिले. सहाही डब्यांवर मुलांची नावं, रंगाने. या भागात पोरगं शिकायला बाहेर राहिलं की आई एसटीवर डबा टाकते, संध्याकाळच्या गाडीने मोकळा डबा परत जातो. ही जुनी खोड. पण हे बोर्डिंग आहे! दुसरीतला मल्हार, मोरगावचा, कॅनडाच्या भिंतीला टेकून कालवणात भाकरी कुस्करत होता. हात कोपरापर्यंत बरबटलेला. खाऊन झाल्यावर तो हात भिंतीवरच्या जगाच्या नकाशाला पुसला. सबंध ऑस्ट्रेलिया तेलकट.

२२ जून.
परिपत्रक काढलं. (क्रमांक एक: शिट्टी वाजल्यावर उठणे. क्रमांक दोन: भिंतीला हात न पुसणे.) क्रमांक तीन असं: ‘घरचा डबा हे मागासलेपणाचे लक्षण असून तो शाळेच्या आवारात आणण्यास सक्त मनाई आहे. प्राचार्य.’ प्रभारी हा शब्द जागेअभावी गाळला. बारामतीहून शंभर प्रती सायक्लोस्टाइल करून आणल्या. सही ठळक आली आहे.

२४ जून.
आणि आज डबा कोणाला यावा? मला! कण्हेरीहून, आमच्या राजेश्वरीचा. झुंबर म्हणाला, ‘बाईसायब सकाळी स्वतः स्टँडवर आल्या हुत्या.’ मुलं बघत होती. उदाहरण घालून देणं भाग होतं. न खाता परत पाठवला, परिपत्रकाची एक प्रत वरच्या पुडात ठेवून. बायको असली म्हणून नियम वेगळा नाही.

१ जुलै.
डबे बंद होईनात. सहाचे तेवीस झाले. या लोकांना परिपत्रक कळत नाही की कळून घ्यायचं नाही? जप्त करून ऑफिसात ठेवले. आता पेच असा, की भरलेले परत पाठवले तर आया आरडाओरडा करणार, पोरं घेऊन जाणार आणि माझे चाळीस फुटणार. उकिरड्यावर टाकले तर बनाबाई गावभर करणार. विचारांती ठरवलं: आरोग्याच्या दृष्टीने प्रत्येक डब्याची तपासणी करायची. एकेक चमचा. फक्त नोंदीसाठी.

३ जुलै.
तपासणी, दिवस दुसरा. मोरगावच्या डब्यात मटकी. तेलाचा तवंग, लसूण नको इतका. किळसवाणा प्रकार. खात्री करण्यासाठी पुन्हा घेतली. चौथीतल्या सृष्टीच्या डब्यात वांगं. वांगं मला लहानपणापासून आवडत नाही. डबा संपला तरी मत बदललं नाही.

९ जुलै.
गेले सहा दिवस डबे मोकळे, धुऊन, वेळेवर परत. एकाही पालकाची तक्रार नाही. याला म्हणतात अ‍ॅडमिनिस्ट्रेशन. एका चमच्याच्या नियमात थोडी सुधारणा केली आहे.

२५ जुलै.
डबे वाढले, आणि मोठे झाले. दोन पुडांचे तीन पुडांचे. झुंबर सांगत होता, मोरगावच्या स्टँडवर बाया एकमेकींना सांगतात, ‘डबा चाटूनपुसून येतुया, म्हंजी पोरगं रुळलं.’ बरोबरच आहे. मुलं रुळली आहेत. रविवारी पुरणपोळ्या आल्या, तूप वेगळं बांधून. या अडाणी प्रेमाची मला शिसारी येते. पट्ट्याला नवीन भोक पाडून घेतलं. इथली हवा मानवली.
राजेश्वरीचा डबा रोज येतो, रोज भरलेला परत जातो. तत्त्व ते तत्त्व. शिवाय त्या वेळेपर्यंत पोटात जागाही नसते.

१५ ऑगस्ट. गुरुवार.
झेंडावंदन. तात्यांच्या भाषणात दोन मुलं घेरी येऊन पडली. ऊन, दुसरं काय. (आभाळ होतं, पण दमट.) तात्यांना प्रदर्शन दाखवलं: मुलांनी स्वतः चिकटवलेल्या चित्रांच्या वह्या. तात्या खूश. डिंक कुठला, विचारलं. बनाबाईने तोंड उघडायच्या आत मी त्यांना स्वित्झर्लंडकडे नेलं.

५ सप्टेंबर.
विकासाच्या प्रकरणासाठी आकडे हवेत म्हणून सर्व मुलांची वजनं घेतली. पोल्ट्रीचा काटा अजून आहे. जूनपेक्षा प्रत्येक मूल दीड-दोन किलोने कमी. माझं नऊ किलोने जास्त. म्हणजे काटा बिघडलेला आहे. कोंबड्यांची सवय लागलेली वस्तू, तिच्यावर विश्वास कसा ठेवणार? आकडे इतिहासात घेतले नाहीत.

१४ सप्टेंबर. शनिवार. संध्याकाळी पाच.
लिहावं की नाही? लिहितो. तारीख तरी राहील.
गणपतीच्या सुट्टीला न्यायला मल्हारची आई ठमाबाई आली. यांच्या घरात सासऱ्यापर्यंत मेंढरं होती, आता दोन एकर बाजरी. बाई ऑफिसच्या दारात उभी राहिली आणि आधी हात जोडून म्हणाली, डबा रोज मोकळा येतो, जिवाला लई बरं वाटतं. मग मल्हार आला. तिने त्याच्या दंडाला हात लावला. म्हणाली, ‘मग ह्यो असा काडीगत का झालाय?’
मी हवामान समजावून सांगायला लागलो. मल्हार मधेच म्हणाला, ‘माझा डबा सर जेवत्यात.’
ओरडली असती तर मी उत्तर दिलं असतं. परिपत्रक तयार होतं. ती माझ्याकडे बघत राहिली, मग पट्ट्याकडे. आणि म्हणाली, ‘भूक लागत हुती तर सांगायचं हुतं, सर. चार भाकरी जास्ती थापल्या असत्या.’
पिशवीतून भाकरी काढली. अर्धी मल्हारला दिली, अर्धी माझ्या हातावर ठेवली. वर लाल चटणी. बनाबाई चुलीजवळून बघत होती. हात पुसायचं फडकं तेलकट, बाईच्या बोटांना माती. किळस आली. बाईची की कशाची, ते लिहीत नाही. भाकरी खाल्ली. परत देणं बरं दिसलं नसतं.

२३ सप्टेंबर.
सुट्टी संपली. चाळीसपैकी अकरा मुलं परतली.

२५ सप्टेंबर.
तात्या जीप घेऊन आले. बनाबाईला विचारलं. ती ‘म्या कशाला बोलू, माझं काय काम’ म्हणाली आणि पहिल्या व्हाइट सॉसपासून पुरणपोळीपर्यंत सगळं सांगितलं. तात्यांनी चुलीवरच्या पातेल्याचं झाकण उचलून पाहिलं. मग म्हणाले, ‘मानसिंगराव, म्या हितं कोंबड्या पाळल्या, पर त्यास्नी बी उपाशी ठेवलं न्हाय.’
मेस बंद. तात्या स्वतः गावोगाव फिरून आयांना शब्द देणार, की घरचा डबा चालेल, पोराच्याच हातात पडेल. मी म्हणालो, मग याला बोर्डिंग कोण म्हणेल? तात्या जीपमध्ये बसले होते.

१ ऑक्टोबर.
मुलं परत आली. एकूण एक्केचाळीस. म्हणजे मूळ संख्येपेक्षा एक जास्त, हे कोणी लक्षात घेत नाही. नवीन माहितीपत्रक छापून आलं. माझा सहा पानांचा इतिहास एका ओळीत: ‘शाळा १९९६ साली सुरू झाली.’ खाली जाड अक्षरात: ‘एसटीने येणाऱ्या घरच्या डब्याची खास सोय.’ त्याखाली माझं नाव. डबा इन्चार्ज (प्रभारी). या शब्दाला जागा बरोबर मिळाली.

३ ऑक्टोबर. गुरुवार.
पावणेबारा, फाटा. एक्केचाळीस डबे उतरवून घेतले. आया आता प्रत्येक डबा फडक्यात बांधून गाठ मारतात आणि झुंबर माझ्या देखत गाठी मोजतो. ही पातळी! मल्हारने डबा घेतला, चार पावलं गेला, मागे वळून म्हणाला, ‘सर, अर्धी देऊ का?’ मी त्याला वर्गाची वेळ दाखवली.
कण्हेरीचा डबा नव्हता. काल नव्हता, परवा नव्हता. झुंबरला सहज विचारलं. म्हणाला, ‘बाईसायब म्हनल्या, तीन म्हयनं भरल्याला माघारी येतुया. त्यांना चालत न्हाय तर उगी कशाला.’
मेस बंद असल्याने मी सध्या शेंगदाणे आणि बिस्किटांवर आहे. आरोग्याला उत्तम.

५ ऑक्टोबर.
बिस्किटांचाही वीट आला. पट्ट्याचं जुनं भोक पुन्हा उपयोगी पडतंय. स्वित्झर्लंडच्या मागे बसलं की कॅनडातल्या एक्केचाळीस डब्यांचा वास थेट येतो. घाणेरडा लसूण. राजेश्वरीची शेंगदाण्याची आमटी कोणाला जमत नाही, हे तटस्थपणे नमूद करतो.

७ ऑक्टोबर. सोमवार.
निर्णय घेतला. लासुर्ण्याच्या बाजारातून तीन पुडांचा स्टीलचा डबा आणला आणि संध्याकाळच्या गाडीने कण्हेरीला पाठवला, मोकळाच. चिठ्ठी नाही. चिठ्ठी म्हणजे माफी मागितल्यासारखं दिसलं असतं. राजेश्वरी हुशार आहे. मोकळा डबा बघून समजेल. उद्या बिस्किटं घ्यायची नाहीत, भूक राखून ठेवायची.

८ ऑक्टोबर. मंगळवार.
साडेअकरापासून फाट्यावर. गाडी वीस मिनिटं उशिरा. एक्केचाळीस डबे मुलांना वाटले, मग झुंबरने खिडकीतून बेचाळिसावा दिला. माझा! फडकं बांधलेलं, वर घट्ट गाठ. स्वित्झर्लंडच्या मागे बसलो. हात धुतले. गाठ दातांनी सोडवली.
खालचा पूड मोकळा. मधला मोकळा. वरच्यात चार घड्या घातलेला कागद, परिपत्रक क्रमांक तीन.
सही खरंच ठळक आली आहे.