मशीन आणि माझा डावा अंगठा

लासुर्णे, मंगळवार, १९९७

धाकट्या भावानं दुबईहून आणलेलं खिळे मारायचं मशीन आज जिन्याखालच्या कपाटात चालवलं. आत आडवं पडूनच शिरायचं, हातोडी उगारायला जागा न्हाय. लाइटही गेलेली, पण याला वायर लागतेय कुठं? बॅटरी आणि आतल्या गॅसच्या छोट्या नळकांड्यावर चालतंय. मशीनचं तोंड फळीवर सरळ दाबलं, चाप ओढला, की खिळा आत.

जमलं. मला जमणारच होतं. पण हा डावा अंगठा! दर वेळी खिळा धरायला पुढं जातोय. खिळा मशीनच्या पोटात, मग हा धरतोय काय? एकदा तर बरोबर तोंडाखाली गेला. मदतीला आलेली बायको ओरडली, "अवो, हात काढा आदी!" काढला. तिच्या हातातला टॉर्च घेऊन डाव्या हातात धरला. अंगठ्याला काम मिळालं, गप बसला. उद्या माळ्याच्या फळ्याही या मशीननंच ठोकणार.

काम संपवून ऐटीत बाहेर आलो. ती म्हणाली, "आता बोला की कायतरी."

बोलतोय कुठला? सकाळी सवयीनं तोंडात धरलेले हातोडीचे खिळे अजून तिथंच होते.