मागची खोली

४ फेब्रुवारी
खिळा पुन्हा अडकला. अण्णांनी कुणाकडून तरी जुनी नेल गन, म्हणजे खिळे ठोकायचं यंत्र, आणली आहे. वरचा नंबर पुसलेला, सोबत खिळे नाहीत, म्हणून मीच अंदाजानं खिळ्यांची पट्टी आणली. परसात सामानाची खोली बांधायची म्हणतात. मी कारकून, ते निवृत्त पोस्टमास्तर. दोघांनीही जन्मात साधं स्टूल जोडलेलं नाही. "शिकू की, जावईबापू. वेळ काय, भरपूर आहे."

तो आहे खरा. माझी बायको, त्यांची एकुलती एक मुलगी, जाऊन तीन वर्षं होतील. तेव्हापासून घरात आम्ही दोघंच — सासरा आणि जावई. मधला माणूस निघून गेला आणि आम्ही दोन टोकं राहिलो.

६ फेब्रुवारी
आज गनच घेऊन दुकानात गेलो. दुकानदार हसला नाही, हे त्याचे उपकार. म्हणाला, "पट्टीत खिळे तिरके बसवलेले असतात. तुमच्या गनची खाच जास्त तिरकी, तुम्ही नेलेली पट्टी कमी. दिसायला सख्ख्या बहिणी, पण एकीच्या जागी दुसरी चालत नाही."

अण्णा शेजारीच उभे होते. मी खाली बघत राहिलो.

७ फेब्रुवारी
कोन जुळला. पट्टी अलगद आत गेली, खिळा एका दमात फळीत. अण्णांनी माझ्याकडे असं पाहिलं, जणू मी मॅट्रिक पास झालो.

९ फेब्रुवारी
दातांच्या डॉक्टरीणबाईंकडे गेलो होतो. दाढ कधीच बरी झाली. मी मात्र अजून जातोच आहे. दवाखाना बंद करताना तिनं विचारलं, "घरी सांगितलंत?"

नाही सांगितलं. अण्णांना दुसरं घर नाही. मी नवा संसार मांडला तर ते इथं कोण म्हणून राहणार? बायकोचे वडील — आणि बायकोच नाही. तिला हे सगळं सांगितलं. तिनं शटर ओढून कुलूप लावलं. मग म्हणाली, "मी थांबेन. पण कायम दाराबाहेर नाही थांबणार."

तिचं काय चुकलं?

१२ फेब्रुवारी
खिळे कोनाला बरोबर, लांबीला चूक. फळीतून आरपार गेले, आतल्या बाजूला टोकंच टोकं. मी म्हटलं, सामानाला काय टोचतंय? अण्णा ऐकेनात. पक्कड घेऊन एकेक उपटत बसले. "आत हात फिरतो माणसाचा."

दुपारी आखूड खिळे आणले.

१५ फेब्रुवारी
आता अण्णांना बाहेरच्या बाजूला जस्त चढवलेलेच खिळे हवेत. साधे गंजतात म्हणे. शिवाय खिडकी हवी. माझा तोल गेला. "जुन्या ट्रंका ठेवायच्या ना? त्यांना कशाला हवा हवी?"

जेवताना अण्णांनी अळणी भाजी तशीच खाल्ली, मीठ मागितलं नाही. माझं चुकलंच.

१६ फेब्रुवारी
खिडकी लावली. जस्ताचे खिळे.

१८ फेब्रुवारी
खोली झाली. सरळ रेषेत उभी आहे, याचंच नवल. अण्णा आत एकटेच बसले होते, भिंतीला पाठ टेकून. मी हाक मारली नाही.

१९ फेब्रुवारी
ऑफिसातून आलो तर अण्णांची खाट जागेवर नाही. मागच्या खोलीत गेलो — खाट तिथं, कपडे खुंटीवर, लेकीचा फोटो खिडकीशी.

"हे काय, अण्णा?"

"आपल्या घराच्या भिंती पातळ आहेत, जावईबापू. फोनवर तुम्ही बोलता हळू, पण हसता मोठ्यानं." फोटो उगाच सरळ केला. "तीन वर्षांनी या घरात कुणी हसलं. पहिल्या दिवशी मला राग आला. मग तुम्ही हसायची वाट बघायला लागलो." थोडं थांबून म्हणाले, "मधल्या खोलीत म्हातारा खोकत पडला असेल, तर तुम्ही त्यांना बोलावणार कसं?"

खाटेचा पाय डुगडुगत होता. त्याखाली लाकडाचा तुकडा सारला, इतकंच जमलं.

२२ फेब्रुवारी
ती आज चहाला आली. उंबऱ्याशी घुटमळली. अण्णाच पुढे झाले. "ये, आत ये. मी याचा बाप. हा जरा भित्रा आहे, सांभाळून घे."

त्यांनी मला आजवर कधी एकेरी म्हटलं नव्हतं.