गाणं इंदापुरात, सांगणं बारामतीत

९ जानेवारी १९९८, बारामती
पुण्याच्या कचेरीने माझा अर्धविराम पुन्हा कापला. या हंगामातला हा कितवा बळी, मोजणं सोडून दिलं आहे. पाठशाळेत छड्या खाऊन जे चिन्ह कमावलं, ते उपसंपादक नावाचा प्राणी नखासारखं कापून टाकतो आणि जखम दिसू नये म्हणून तिथे पूर्णविराम ठोकतो. ऊसदराची बातमी धापा टाकत चालल्यासारखी वाटत होती. सौ.ला वाचून दाखवली. म्हणाली, "मानधन कापलं नाही ना? मग झालं." हिला विरामचिन्हांचं दुःख कळायचं नाही. बोलताना स्वतः एकही वापरत नाही.

संध्याकाळी बिरू आला. निरवांगीच्या तात्यांचा थोरला. कारखान्यात वजनकाट्यावर क्लार्क आहे. मामेभाऊ बोटीवर नोकरीला, त्याने अमेरिकेहून एक डबी आणली, तिच्यात दोन कॅसेटी. हिप-हॉप म्हणतात म्हणे. ऐकली. एक गृहस्थ कुणावर तरी चिडून न थांबता बोलतोय आणि मागे कुणीतरी तालात दार आपटतंय. दोन बाजू ऐकल्यावर माझीही मान हलायला लागली, ती सौ.ने पाहिली. आता महिनाभर ऐकावं लागणार.

बिरू म्हणे, "काका, ह्ये आपलंच हाय की. ही सपादणी हाय!"
खरं आहे. धनगरी ओवीत आधी गातात, मग गायलेलं तेच साध्या बोलीत, ठेक्यावर, झपाझप सांगतात, ती सपादणी. पुन्हा गाणं, पुन्हा सांगणं. पाठशाळेत गद्य-पद्याच्या अशा मिश्रणाला आम्ही चंपू म्हणत होतो आणि परीक्षेपुरता पाठ करत होतो. अमेरिकेत लोक त्यावर नाचतात.

१८ जाने.
बिरूच्या फटफटीवरून निरवांगी. पाठीची हाडं सुटी झाली, पण तात्यांकडची दूध-भाकरी खाऊन पुन्हा जुळली.

तात्या बदलले नाहीत. मिशी, फेटा, वाक्यागणिक एक चिमटा. कळप विकून ऊस लावला त्याला वीसेक वर्षं झाली, तरी रस्त्याने दुसऱ्याची मेंढरं गेली की उठून उभे राहतात. ढोल मात्र आढ्याला टांगलेला. तात्या गायचे आणि धर्मा सांगायचा, अशी जोडी होती. तालुक्यात एकही जत्रा त्यांच्यावाचून झाली नाही. धर्मा दोन वर्षांपूर्वी गेला. तेव्हापासून तात्यांनी एक ओळ म्हटलेली नाही.

बिरूने विषय काढला. कॅसेट करायची, तात्यांनी गायचं, सांगायचं काम बिरूचं. अमेरिकन पद्धतीने.
"कशाच्या पद्धतीनं?"
"अमेरिकेच्या."
"तितं मेंढरं हायती का?"
"असतील की."
"मग त्यांचं त्यांनी सांगावं." आणि माझ्याकडे वळून, "शास्त्री, दूध घ्या. पोरगं काट्यावर बसून बसून हलकं झालंय."

परतीची वाट. बोरी गावाजवळ गाडी थांबवून बिरू म्हणाला, "काका, मला कॅसेटीचं काय न्हाय. तात्या गायला पायजेल." फटफटी पुन्हा सुरू होईना तेव्हा मी ढकलली. पन्नाशीत हेच राहिलं होतं.

२ फेब्रु.
सुहासच्या स्टुडिओत जाऊन आलो. लाउडस्पीकर भाड्याने देण्याचं त्याचं दुकान, मागच्या खोलीला भिंतभर पोल्ट्रीवाल्याकडचे अंड्यांचे ट्रे चिकटवलेत. याला ध्वनिरोधक म्हणायचं. सध्या प्रचाराच्या कॅसेटी धडाधड. एकाच माणसाने सकाळी एका पक्षाला प्रचंड बहुमताने निवडून दिलं, जेवून आल्यावर दुसऱ्याला. आवाजात फरक नाही, निष्ठेत तर नाहीच.

बिरूने काट्याच्या लोखंडी पाट्यावर ट्रॅक्टर-ट्रॉली चढते त्याचा धाड-धाड आवाज टेप करून आणला आहे. हा त्याचा ठेका. वर ढोल. सुहास म्हणाला, "काका, हे रेकॉर्डिंग आहे का रस्त्याचं काम?" दुसऱ्यांदा ऐकताना आवाज वाढवला. तिसऱ्यांदा स्वतःच टेबल वाजवायला लागला.

११ फेब्रु.
तात्या तयार झाले. कसे, ते बिरूलाही ठाऊक नाही. त्याच्या आईने काही केलं असावं. दोन दिवस घरात ताकाला मीठ नव्हतं एवढंच कळलं.

पण अट. "मी यंत्राफुडं एकटा गाईन. ह्यानं माझ्याम्होरं सांगायचं न्हाय. धर्माच्या जागंवर कुनी बसायचं न्हाय."

म्हणजे दोघं एका खोलीत नकोत. बिरूने मान डोलवली, कान लाल. मग ठरलं: अमेरिकन डबीसारख्या दोन कॅसेटी. पहिलीत सगळं गाणं, दुसरीत सगळं सांगणं, डबी एकच. मीही पंडिती पाजळली, की सूत्र वेगळं आणि भाष्य वेगळं ही तर आपली परंपरा. तात्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, जसं सर्दी झालेल्या मेंढीकडे पाहतात.
"शास्त्री, तुमी उजवा पाय सोमवारी टाकता न डावा मंगळवारी, व्हय?"

२० फेब्रु.
तात्या गायले.

काय लिहू. गोष्ट हिराची. तात्यांची आत्या, त्यांच्या जन्माआधीची. कोकणातून परतताना नीरा भरलेली, तिने कळप पाण्यात घातला आणि पल्याड नेला. गाणं तिथेच थांबतं: मेंढरं काठावर अंग झाडताहेत, ऊन पडलंय. सुहासने मध्ये दोनदा यंत्र थांबवण्याचा प्रयत्न केला (आवाज फार चढतो म्हणे). तात्या थांबलेच नाहीत. सुई लाल रेघेच्या पलीकडे.

बाहेर आल्यावर विचारलं, हिराचं पुढं काय, ते का नाही गायलं?
"आमच्यात मरान गात न्हाईत, शास्त्री. मरान सांगायचं. त्ये सांगनाऱ्याचं काम."
आणि सांगणाऱ्याला खोलीबाहेर बसवून ठेवलंय. यावर काही बोलण्याइतका मी शूर नाही.

१ मार्च
बिरूचं सांगणं झालं. मी मात्रा तपासायला बसलो होतो. पहिल्या दहा ओळींतच पेन्सिल खाली ठेवली. एवढंच उतरवून घेतो:

पाणी चढलं, काठ बुडला, मेंढरू मेंढरू मोजलं,
मेंढरं भरली, पोर न भरली, तवा आज्याला उमजलं.

आजा म्हणजे हिराचा बाप, तात्यांचा आजोबा. मागे ट्रॉलीचं धाड-धाड. अंगावर काटा. मात्रा दोन ठिकाणी चुकतात, असोत.

२८ मार्च, पाडवा
डबी आली. मुखपृष्ठावर एक मेंढरू, त्याला सुहासने काळा गॉगल घातला आहे. श्रीखंड. सौ.ने पाटावर गुढीशेजारी डबीही ठेवली, हळद-कुंकू लावून. म्हणाली, "मेंढराला उन्हाचा त्रास नको." चेष्टा कोणाची केली कळलं नाही. बहुधा माझी.

बातमी पाठवली. ऐंशी ओळी.

२ एप्रिल
आली. चार ओळी. कांद्याच्या भावाखाली. 'ग्रामीण गायकांची ध्वनिफीत प्रकाशित.' तात्यांचं नाव आहे, बिरूचं नाही. बिरूने कात्रण खिशात ठेवलं, "तात्याचं आलंय न, बास."

१९ एप्रिल
घोटाळा. दोन कॅसेटींची जाड डबी दुकानांतल्या फळीच्या खाचेत बसत नाही. मग काय, दुकानदारांनी डब्या फोडल्या आणि सुट्या कॅसेटी विकल्या. बारामतीत कॉलेजची पोरं, तिथे सांगण्याची खपली. इंदापुरात बाजारकरी म्हातारे, तिथे गाण्याची. दोन्ही संपत आल्या आहेत. सुहास खुशीत. बिरूने डोक्याला हात लावला. मी सूत्र आणि भाष्य यांविषयी मौन पाळून आहे.

२६ एप्रिल, इंदापूर
बाजारात गेलो होतो. चहाच्या गाड्यावर जुंपली होती. इकडच्या शेळगावचे एक आबा आणि त्यांचाच जावई, बारामतीकडच्या सांगवीचा एक तरणा गडी.

"हिरा मेली, आबा."
"कोन म्हनतं?"
"कॅसेटीत सांगितलंय!"
"माझ्याबी घरात कॅसेट हाय. पल्याड गेली, ऊन पडलं, संपलं. मेली असती तर त्यो म्हातारा रडला नसता व्हय गाताना?"
"आवो, आज्यानं मोजलं, पोर भरली न्हाय—"
"तुमा बारामतीकरांना कुनाचं बरं बघवतच न्हाय."

टाळ्या. चहावाल्याने मला विचारलं, तुमी पेपरवाले, खरं काय? म्हटलं, मी बारामतीचा. माझ्या शब्दावर इथे कोण विश्वास ठेवणार. आबा खूश. माझा चहा त्यांनी दिला.

सबंध मुलूख तालुक्याच्या सीमेवर दुभंगलाय. इंदापुरात हिरा जिवंत, बारामतीत मेलेली. एस.टी.त याच गप्पा. तीस वर्षं बातम्या लिहितो, एकीवरूनही असं भांडण झालेलं नाही. थोडी असूया वाटली, लपवत नाही.

९ मे, निरवांगी
जत्रेचा दुसरा दिवस. आज जे पाहिलं ते नीट लिहितो.

सकाळी देवळापुढच्या लिंबाखाली माणसं जमली. शेळगावचे आबा आणि सांगवीचा तो जावई, दोघंही आपापला टेपरेकॉर्डर काखोटीला मारून हजर. वाद देवापुढे मिटवायचा. दोन टेप समोरासमोर ठेवले. आबांनी गाणं लावलं. कडवं संपलं, खटकन बंद. जावयाने सांगणं लावलं, तेवढाच तुकडा, खटकन बंद. पुन्हा आबा. पुन्हा जावई. बटणं दाबताना दोघांच्या कपाळावर घाम, जणू विमान चालवताहेत. एकदा दोन्ही एकदम सुरू झाले तेव्हा बायका हसून लोळल्या. पण हळूहळू जमत गेलं. गाणं, सांगणं. गाणं, सांगणं. माणसं हसायची थांबली.

तात्या पाराच्या टोकाला, पाठ करून. बिरू गर्दीच्या मागे, माझ्याशेजारी.

नदी भरली. हिराने कळप पाण्यात घातला. आबांचा टेप इथे फिती गिळायला लागला. घरर्र. तात्यांचा आवाज भुतासारखा जाड झाला आणि बंद पडला. आबा बटणं बडवताहेत, कुणी म्हणतंय पेन्सिल आना, कुणी म्हणतंय फुंकर मारा.

आणि पाठमोऱ्या तात्यांनी पुढचं कडवं उचललं. तोंडाने. बसल्या जागेवरून, न वळता.

कडवं संपलं. आता सांगणं. जावयाचा हात बटणावर. तात्या म्हणाले, "ऱ्हाऊ दे त्ये." मग, तसेच पाठमोरे, "बिऱ्या, सांग की. लोक खोळंबल्यात."

बिरूचे पाय हलेनात. मी ढकलला. (यंदाच्या वर्षी ढकलण्याचं काम माझ्याकडेच आहे.) धर्मा बसायचा तिथे तो बसला नाही, उभाच राहिला, थोडा डावीकडे. पहिल्या दोन ओळी अडखळला. तिसरीला तात्यांनी पारावर हाताने ठेका धरला, तोच, ट्रॉलीचा. म्हणजे दुसरी कॅसेट ऐकली होती म्हाताऱ्याने. कधी, कुणाकडे, देव जाणे.

हिरा गेली ते बिरूने सांगितलं. शेळगावच्या आबांनी फेट्याच्या शेवाने डोळे पुसले आणि जावयाला म्हणाले, "बरं बाबा. मेली." 

जेवणं. पुरणपोळी चार. सौ.ला दोन सांगितल्या.

२४ मे
ढोल आढ्यावरून उतरला. कातड्याचं पान सैल झालंय, म्हणून उन्हात ठेवलाय. शनिवारी बिरू सुट्टीवर आला की बाप-लेक बसतात. तात्यांच्या तक्रारी सुरू: "लई घाईत सांगतंय. मागं काय तरस लागलंय का?" बिरू: "तुमीच लई लांबवताय." बिरूची आई चुलीपुढून: "दोगंबी गप बसा न काम करा." घर कसं भरल्यासारखं. मी उगाचच शनिवारी निरवांगीच्या बातम्या शोधतो. सापडतात.

१२ जून
मुंबईहून कॅसेट कंपनीचा माणूस आला होता. माझ्या चार ओळींवरून माझा पत्ता काढून थेट घरी. सभ्य आहे. बारामतीच्या कॉलेजातून त्याला दुसरी कॅसेट मिळाली. बिरू हवा आहे, मुंबईत, नव्या ध्वनिफितीसाठी, मग आणखी. तात्यांचं गाणं? "अप्रतिम आहे हो. पण आम्हाला फक्त सांगणं हवंय."

बिरूला बोलावलं. त्याने सगळं ऐकलं, बशीतली बिस्किटं एकावर एक रचत राहिला. महिन्याअखेर कळवतो म्हणाला. दारात मला म्हणे, "काका, तात्याला एवढ्यात बोलू नका." डोळे मात्र लकाकत होते. का लकाकू नयेत?

१३ जून, निरवांगीहून परत आल्यावर
तात्यांनी नवी गोष्ट काढली आहे. चांगली लांब, त्यांच्या मते बसवायला दिवाळी उजाडेल. आज बिरूला यायला उशीर झाला तर तीनदा उठून रस्ता पाहून आले. मग मला, सहज विचारल्यासारखं, "शास्त्री, बिऱ्याच्या मनात काय हाय?"
म्हटलं, "उकाडा फार आहे, तात्या."
"व्हय," म्हणाले. "उकडतंय खरं."

बिरूने मुंबईला जावं, असंच मला वाटतं. हे त्याला मीच सांगणार आहे, तो विचारेल तेव्हा. त्याची मला काळजी नाही. काळजी तात्यांची आहे. धर्मा गेला तेव्हा ते दोन वर्षं गप्प झाले, तेव्हा अंगात बळ होतं. आता पुन्हा गप्प झाले, तर या खेपेला ते गाण्यावर येतील असं मला वाटत नाही.